नांगराचे एजंट, रयतचे अण्णा

स्मरणिका समितीचा निरोप आला, "तू आयुष्यभर कॉलेजात इतिहास शिकवलास, आता शाळेच्या इतिहासावर चार पानं लिही." शाळेचा इतिहास आपल्या माजी मुख्याध्यापक सरांनी याच अंकात लिहिला आहे, आणि पत्र्याच्या दोन खोल्यांपासूनची ती हकीगत त्यांच्याइतकी कुणालाच ठाऊक नाही. म्हणून मी एक पायरी मागे जातो. ज्यांच्या तसबिरीखाली उभं राहून आपण सहा वर्षं प्रार्थना म्हटली, त्या कर्मवीर भाऊराव पाटलांविषयी लिहितो.

आपल्याला अण्णा माहीत आहेत ते २२ सप्टेंबरचे. जयंतीची मिरवणूक, पुढे लेझीम, मागे घोषणा देत आपण, आणि मग पटांगणात उन्हात बसून ऐकलेली भाषणं. 'थोर शिक्षणमहर्षी' हा शब्द इतक्यांदा कानावर पडला की त्यामागचा माणूस दिसेनासा झाला. पांढरी दाढी, खांद्यावर घोंगडी, हातात काठी. जणू ते जन्मले तेच म्हातारे! मला मात्र पुढे अभ्यास करताना सगळ्यात जास्त ओढ लागली ती दाढी पिकण्याआधीच्या भाऊरावांची. नोकरीच्या अर्जाला जोडतो तसा त्यांचा बायोडेटा लिहायचा म्हटला, तर तो कुठल्याही संस्थाचालकाचा वाटणार नाही.

जन्म २२ सप्टेंबर १८८७, कुंभोज, कोल्हापूरकडचं. घराणं जैन, मूळ गाव ऐतवडे बुद्रुक. शिक्षण कोल्हापूरच्या राजाराम हायस्कुलात, इंग्रजी सहावीपर्यंत. मॅट्रिक नाही. त्यानंतरचा अनुभव असा: साताऱ्यात खासगी शिकवण्या, विम्याची एजंटगिरी, किर्लोस्करांच्या लोखंडी नांगराची विक्री, मग साताऱ्यात कूपर यांच्या कारखान्यासाठी तेच काम. पुढे ज्या माणसानं अध्यापन विद्यालयं आणि कॉलेजं काढली, त्याच्या पदरी पदवी नव्हती. पदरी होता तो फिरतीचा धंदा.

आपल्या पिंपरी-चिंचवडकरांना यातली गंमत लगेच कळावी. आपल्यातल्या निम्म्याअधिक घरांत कुणी ना कुणी कारखान्यात होतं. 'सेल्स'वाला माणूस काय चीज असतो, हे आपण जवळून पाहिलं आहे. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी लोखंडी नांगर काढला तेव्हा शेतकरी तो घ्यायला तयार नव्हते. लोखंडानं जमीन विषारी होते अशी समजूत होती. पहिले सहा नांगर खपायला दोन वर्षं लागली, असं सांगतात. असा माल घेऊन गावोगाव जायचं म्हणजे नुसती जीभ चालवून भागत नाही. पाटलाच्या ओसरीवर बसावं लागतं, त्याच्या शेतात नांगर धरून दाखवावा लागतो, आणि त्याची भीती काय आहे ते आधी ऐकून घ्यावं लागतं. या फिरतीत भाऊरावांनी सातारा, सांगली, कोल्हापूरकडची खेडी पायाखाली घातली. कुठल्या गावात शाळा नाही, कुणाचं पोर हुशार असून गुरांमागे जातं, हे त्यांना कुठल्या अहवालातून कळलं नाही.

माझं मत असं की रयत शिक्षण संस्था ही आधी या फिरतीत घडली आणि मग कागदावर आली. ज्या शेतकऱ्याला लोखंडी नांगराची भीती वाटे, त्यालाच पोराच्या शाळेचीही भीती वाटत होती. पोरगं शिकलं की हाताबाहेर जाईल, शेतीला कोण बघेल? पहिली भीती घालवायची रीत ज्याला जमली, त्यानं तीच दुसरीवर वापरली.

आता थोडं मागे. भाऊराव कोल्हापुरात शिकत होते तेव्हा जैन बोर्डिंगात राहत. राजर्षी शाहू महाराजांनी १९०१पासून कोल्हापुरात वसतिगृहांना हात दिला होता, पण ती जातवार होती. मराठ्यांचं वेगळं, जैनांचं वेगळं, लिंगायतांचं वेगळं, मुस्लिमांचं वेगळं. त्या काळात तेवढंही कुणी करत नव्हतं, आणि समाज आपापल्या पोरांसाठी पुढे यावा म्हणून महाराजांनी तो मार्ग धरला होता. त्याला नावं ठेवायचं कारण नाही. १९०८ साली अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग सुरू झालं. भाऊराव त्या समारंभाला गेले. परत आल्यावर आंघोळ करून बोर्डिंगात ये, असं त्यांना सांगण्यात आलं. त्यांनी नकार दिला. बोर्डिंगचे प्रमुख अण्णासाहेब लठ्ठे शिस्तीचे, त्यांनी या मुलाला बाहेर काढलं.

ही गोष्ट आपल्याला शाळेत सांगितली होती. पुढची सांगितली नव्हती, ती मला जास्त मोठी वाटते. १९१४ साली कोल्हापुरात पुतळ्याला डांबर फासल्याचं प्रकरण झालं. त्यात लठ्ठ्यांना गोवायचं घाटत होतं आणि त्यांच्याविरुद्ध साक्ष द्यावी म्हणून भाऊरावांवर दबाव आला. ज्या लठ्ठ्यांनी बोर्डिंगातून घालवलं, त्यांच्याविरुद्ध खोटी साक्ष! सूड उगवायची आयती संधी होती. भाऊरावांनी साक्ष दिली नाही. त्यासाठी तुरुंग भोगला. तिथे इतका छळ झाला की जीव देण्यापर्यंत पाळी आली. माणूस पुढे काय करणार हे कधीकधी अशा एका नकारात दिसून जातं.

४ ऑक्टोबर १९१९ रोजी कऱ्हाड तालुक्यातल्या काले गावी सत्यशोधक समाजाच्या परिषदेत रयत शिक्षण संस्थेची स्थापना झाली. नंतर १९२४ साली साताऱ्यात बोर्डिंग सुरू झालं. शाहू महाराज १९२२ सालीच वारले होते, बोर्डिंगला त्यांचं नाव मिळालं. नामकरणासाठी २५ फेब्रुवारी १९२७ रोजी महात्मा गांधी स्वतः आले. पण महाराजांचं नाव घेऊन अण्णांनी महाराजांचा आराखडा मात्र बदलला, हे लक्षात घ्या. साताऱ्याचं बोर्डिंग जातवार नव्हतं. मराठा, महार, मांग, जैन, मुसलमान, रामोशी, सगळी पोरं एका ओळीत बसायची. एका ओळीत जेवायची हे एक, पण सगळी मिळून एका चुलीवर रांधायचीही. १९२०च्या दशकातल्या सातारा जिल्ह्यात कुणाच्या हातची भाकरी कुणी खावी हा पोटाचा नव्हे, धर्माचा प्रश्न होता. अण्णांनी त्यावर व्याख्यानं कमी दिली आणि पाळ्या लावल्या. आज भाकरी याची, उद्या त्याची.

या चुलीचा खर्च कुठून आला? इथे लक्ष्मीवहिनींचं नाव घ्यायलाच हवं. घरातलं धान्य संपलं तेव्हा अंगावरचे दागिने गेले, आणि शेवटी मंगळसूत्रही गेलं. १९३० साली त्या वारल्या. आपल्या मिरवणुकीत त्यांची तसबीर कधी होती का, मी आठवून पाहिलं. आपल्या वर्गातल्या मुलींनी सांगावं, कदाचित त्यांच्या लक्षात असेल.

दुसरा आधार मुष्टिफंडाचा. घरोघरच्या बायका रोज दळणातली मूठभर ज्वारी-बाजरी बाजूला काढायच्या, ती बोर्डिंगची. यातही मला जुना नांगरविक्या दिसतो. एका सावकाराकडून शंभर पोती मागण्यापेक्षा शंभर घरांतून मूठ मूठ घेतली, तर शंभर घरांना ती शाळा आपली वाटते. सावकार रुसला तर पोती बंद होतात. शंभर घरं एकाच दिवशी रुसत नाहीत.

तिसरा आणि मुख्य आधार म्हणजे मुलांचं अंगमेहनतीचं काम. 'स्वावलंबी शिक्षण हेच आमचे ब्रीद' हे आपल्या शाळेच्या फाटकावर वडाच्या झाडाखाली लिहिलेलं होतं. आपल्या वेळी त्याचा अर्थ शनिवारी पटांगण झाडणं आणि झाडांना पाणी घालणं एवढाच उरला होता. माझ्या वडिलांना त्याचा खरा अर्थ माहीत होता. ते माण तालुक्यातले. पाऊस नाही, शेत असून नसल्यासारखं. पन्नाशीच्या दशकात ते साताऱ्याच्या बोर्डिंगात राहिले. पहाटे मळ्यात पाणी धरायचं, भाजी काढायची, पाळी असेल त्या दिवशी पीठ मळायचं, आणि मग शाळा. ते म्हणायचे, "आम्ही फुकट शिकलो असं कुणी म्हटलं की राग येतो. आम्ही कष्टाचं खाल्लं." साठच्या दशकात ते पिंपरीला आले, कारखान्यात लागले आणि तिथूनच निवृत्त झाले. अण्णांना त्यांनी जवळून पाहिलं होतं, पण त्यांच्याविषयी फार बोलायचे नाहीत. ताटात भाकरीचा तुकडा टाकला की मात्र नुसतं माझ्याकडे बघायचे.

माझ्या वडिलांसारखे किती जण त्या काळात आपल्या भागात आले असतील! १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली, मग एमआयडीसी, आकुर्डीला बजाज, पिंपरीला टेल्को. १९७०ला नगरपालिका आणि १९८२ला महानगरपालिका झाली. साताऱ्याकडची, सांगलीकडची, नगरकडची, सोलापूरकडची माणसं एसटीनं उतरत होती, आणि बाहत्तरच्या दुष्काळानंतर तर लोंढाच लागला. त्यांत मॅट्रिक झालेला, ड्रॉइंग वाचू शकणारा, इंग्रजीतली नोटीस समजणारा जो खेडुत पोरगा होता, त्याला गेटवर उभं राहता आलं. त्याच्यामागे गावाकडचं एखादं रयतचं हायस्कूल होतं. आपल्या औद्योगिक पट्ट्याचा इतिहास सांगताना जमीन, पाणी, पुणे-मुंबई रस्ता, परवाने यांच्याविषयी बोललं जातं. वाचता येणारी माणसं कुठून आली, हे कुणी विचारत नाही.

ती हायस्कुलं उभी राहिली त्याची कथा अशी. १९३५ साली संस्थेची रीतसर नोंदणी झाली आणि साताऱ्यात शिक्षकांसाठी सिल्व्हर ज्युबिली रुरल ट्रेनिंग कॉलेज निघालं. आधी शिक्षक, मग शाळा, हा क्रम अण्णांना बरोबर कळला होता. त्यानंतर सातारा जिल्ह्यात पाचशेहून अधिक व्हॉलंटरी प्राथमिक शाळा निघाल्या. १९४० साली महाराजा सयाजीराव हायस्कूल, राहणं आणि शिकणं दोन्ही मोफत. १९४७च्या जूनमध्ये, स्वातंत्र्याला दोन महिने उरले असताना, साताऱ्यात छत्रपती शिवाजी कॉलेज. इंग्रजी सहावी शिकलेल्या माणसानं कॉलेज काढलं आणि ते चालवायला स्वतःच्याच बोर्डिंगचा विद्यार्थी उभा केला. बॅरिस्टर पी. जी. पाटील हे साताऱ्याच्या बोर्डिंगात वाढलेले. विलायतेला जाऊन बॅरिस्टर होऊन ते परत आले आणि वकिली न करता शिवाजी कॉलेजचे प्राचार्य झाले. पुढे शिवाजी विद्यापीठाचे कुलगुरूही झाले. अण्णांनी स्वतः कधी प्राचार्याच्या खुर्चीत बसायचा हट्ट धरला नाही. आजकालच्या संस्थांत अध्यक्षाचा मुलगा सचिव आणि सून प्राचार्य असते, ते पाहिलं की या गोष्टीची किंमत कळते. (हे वाक्य समितीनं कापलं तर मी समजून घेईन.)

मग आलं १९४८. गांधीजींच्या हत्येनंतर अण्णांनी त्यांच्या स्मरणार्थ १०१ हायस्कुलं काढायचा संकल्प सोडला. त्याच सुमाराला त्यांनी सरकारवर जाहीर टीका केली आणि मुंबई सरकारनं संस्थेचं अनुदान बंद केलं. एका हातात १०१ शाळांचा संकल्प आणि दुसऱ्या हातात रिकामी थैली! कुणीही व्यवहारी माणूस अशा वेळी संकल्प पुढे ढकलेल, किंवा मुंबईला जाऊन माफी मागेल. अण्णा पुन्हा गावोगाव फिरायला निघाले. लोकांनी धान्य दिलं, पैसे दिले, जागा दिल्या. बोर्डिंगच्या पोरांनी कामाचे तास वाढवले. गाडगे महाराजांनी संस्थेसाठी मुख्यमंत्री बाळासाहेब खेर यांच्याकडे रदबदली केली, असं सांगतात. अनुदान पुढे सुरू झालं.

मला हा प्रसंग त्यांच्या सगळ्या कारकिर्दीची परीक्षा वाटतो. स्वावलंबन हा शब्द आपण काटकसर या अर्थानं घेतो. अण्णांच्या हाती ते हत्यार होतं. ज्याची चूल मुलांच्या मळ्यावर आणि बायकांच्या मुठीवर पेटते, त्याला सरकारशी ताठ मानेनं बोलता येतं. अर्थात पुढे संस्था इतकी वाढली की पगार सरकारी अनुदानावरच आले, आणि आपले सगळे सर नि बाई त्याच पगारावर आपल्याला शिकवत होते. शेकडो शाळा मूठमूठ धान्यावर चालत नाहीत, हेही खरंच. पण मळा गेला तसा आवाजही थोडा गेला, असं मला वाटतं. आपल्यातले जे पुढे रयतमध्येच शिक्षक झाले त्यांचं मत वेगळं असू शकतं, त्यांनी मेळाव्यात माझ्याशी जरूर भांडावं.

नावाची गोष्ट तर प्रसिद्धच आहे. शिवाजी कॉलेजला मोठी देणगी द्यायला एक जण तयार होता, अट एकच, कॉलेजला आपलं नाव द्यावं. अण्णांनी ती नाकारली. एकवेळ बापाचं नाव बदलीन पण शिवाजीचं बदलणार नाही, अशा अर्थाचं ते बोलले असं सांगतात. पण म्हणून त्यांना नावं द्यायचं वावडं होतं असं नाही. शाहू, सयाजीराव, १९५४ साली कऱ्हाडच्या कॉलेजला गाडगे महाराज. ज्याच्या अंगावर धड कपडा नाही त्याचं नाव कॉलेजला! नाव द्यायचं ते अण्णा ठरवणार, ते विकत मिळणार नाही, एवढाच त्यांचा नियम होता.

हे एवढं सविस्तर लिहिलं त्याला कारण आहे. मेळाव्याच्या दुपारच्या सत्रात आपल्या निधीचा विषय आहे. ग्रुपवर दोन महिने चर्चा चालली आहे ती सगळ्यांनी वाचलीच असेल. भोसरीत स्वतःचं वर्कशॉप काढलेल्या आपल्या मित्रांनी मोठी रक्कम देऊ केली, याचा मला अभिमान आहे. शाळेला सभागृह बांधून द्यावं, त्यावर एका कंपनीचं नाव असावं, म्हणजे कंपनीकडूनही तेवढीच रक्कम मिळेल, असा प्रस्ताव आहे. मला कंपनीच्या पैशाची अडचण नाही. अण्णांनीही कारखानदारांकडून पैसे घेतले असते. आपल्या फाटकावरच्या नावापेक्षा मोठं नाव आत लागू नये, एवढंच माझं म्हणणं आहे.

आणि सभागृहापेक्षा निकडीचं काम मला दुसरं दिसतं. चाकणला आता मी राहतो त्या बाजूला संध्याकाळी कंपन्यांच्या बस सुटतात. त्यांतून अठरा-वीस वर्षांची पोरं उतरतात. मराठवाड्यातली, विदर्भातली, काही बिहारची. एका खोलीत सहा-सात जण. 'ट्रेनी' म्हणून घेतलेली, काही महिन्यांनी बदलली जाणारी. त्यांना घेताना जाहिरातीत शब्द वापरतात, 'कमवा आणि शिका'. अण्णांचाच शब्द. विद्यापीठाच्या योजनेलाही अण्णांचं नाव आहे, आणि त्या योजनेनं अनेकांची फी भागते हे मी कॉलेजात पाहिलं आहे. पण चाकणच्या खोलीतल्या पोरांना मी विचारतो, शिकता काय? ती हसतात. बारा तासांनंतर वही कोण उघडणार? माझे वडील मळ्यात राबले ती भाजी त्यांच्याच ताटात यायची, आणि घंटा झाली की काम थांबून शाळा सुरू व्हायची. काम शाळेसाठी होतं. इथे शाळा कामासाठी आहे, आणि तीही कागदावर.

म्हणून माझा प्रस्ताव असा. आपल्या शाळेच्या जुन्या इमारतीतले तीन वर्ग संध्याकाळी रिकामे असतात. मुख्याध्यापक बाईंशी मी बोललो आहे, संस्थेची रीतसर परवानगी मागावी लागेल. तिथे रात्रीची अभ्यासिका आणि शेजारी एक मेस. दोन वेळचं जेवण खर्चाच्या भावात. ज्या पोरांना बारावी, आयटीआय किंवा डिप्लोमा पुरा करायचा आहे त्यांच्यासाठी. निवृत्त झालेल्या आपल्या बॅचच्या चौघांनी शिकवायची तयारी दाखवली आहे, त्यांत दोघं इंजिनिअर आहेत. गणिताच्या सरांचं वय आता ब्याऐंशी, तरी ते म्हणाले, "आठवड्यातून एक दिवस मी येतो, फक्त रिक्षाचं बघा." स्वयंपाकाला बाई ठेवाव्यात की पोरांनी पाळ्या लावाव्यात यावर आमच्यात एकमत नाही. मी पाळ्यांच्या बाजूनं आहे.

अण्णा ९ मे १९५९ रोजी पुण्यात वारले. त्याच वर्षी पुणे विद्यापीठानं त्यांना डी.लिट. दिली होती आणि सरकारनं पद्मभूषण. त्या दिवशी संस्थेची ३८ वसतिगृहं, शंभराहून अधिक हायस्कुलं, ६ अध्यापन विद्यालयं आणि ३ कॉलेजं चालू होती. आपली शाळा त्यांत नव्हती, ती नंतर आली.

दुपारचं सत्र अडीचला आहे. मेसचा महिन्याचा अंदाजे खर्च काढून मी कागद आणणार आहे. वर्कशॉपवाल्यांनी त्यातले आकडे तपासून द्यावेत, हिशेबात ते माझ्यापेक्षा पक्के आहेत.